गुंजभाऊंची हरकत

नोकरी कशी सोडावी हे ज्यांनी ती कधीच सोडली नाही त्यांना सर्वांत चांगलं कळतं. सोडणारे एके दिवशी सोडून मोकळे होतात. त्यांना या विषयाचा अभ्यास करायला वेळच मिळत नाही. आमच्या गुंजभाऊंचा अभ्यास मात्र दांडगा होता. रोज संध्याकाळी साडेसहाला घरी येऊन ते नोकरी सोडत आणि रोज सकाळी सव्वाआठला डबा घेऊन ती पुन्हा धरायला जात.

"सोडायची तर सोडा हो," बायको शिलाई मशीनवरून मान वर न करता म्हणे, "पण रोज सोडू नका. मला रोज नव्याने धीर द्यावा लागतो, आणि तेवढ्यात माझी बाही उलटी शिवून होते."

आता गुंजभाऊ हे काही बारशातलं नाव नव्हे. ते वजनकाट्यांच्या कारखान्यात तपासनीस होते. दुकानातला, दवाखान्यातला, गोदामातला, कुठलाही काटा बाहेर पडण्याआधी त्यांच्या टेबलावर यायचा. भाऊ त्यावर प्रमाण वजनं ठेवत, डोळे बारीक करत, श्वास रोखत. बरोबर निघाला तर शिशाचं सील ठोकत, नाही तर "नापास" अशी लाल चिठ्ठी चिकटवत. "गुंजभर फरक आहे," असं म्हणून त्यांनी बावीस वर्षांत इतके काटे परत पाठवले की जोडणी खात्यातल्या लोकांनी त्यांचं नावच गुंजभाऊ ठेवलं. गुंज म्हणजे जुन्या सोनाराच्या ताजव्यातलं ते इवलंसं लाल बी. भाऊंना या नावाचा राग नव्हता. देवाच्या दरबारात सगळ्यांचाच हिशेब गुंजेगुंजेने व्हायचा आहे, तिथलं काम आपण इथे थोडं आधी उरकतो, एवढीच त्यांची भावना.

एवढ्या सुखात माशी शिंकली ती एका सोमवारी. भाऊ तपासणी खोलीत शिरले, तर खिडकीशी त्यांचं टेबल नव्हतं.

बावीस वर्षं ते टेबल खिडकीशी होतं. खिडकीतून समोरच्या गोदामाचं छप्पर दिसे, आणि छपरावर एक करडं मांजर ऊन खात पसरलेलं असे. मूळचं मांजर जाऊन त्याची नात की पणती आली होती, पण पसरण्याची पद्धत घराण्याची होती. एखादा काटा फार त्रास द्यायला लागला की भाऊ त्या मांजराकडे बघत, आणि मग काटा आणि भाऊ दोघेही स्थिर होत. आता टेबल होतं दोन लोखंडी कपाटांच्या मागे. समोर भिंत. भिंतीवर खिळा. खिळ्याला काही टांगलेलंही नव्हतं. बावीस वर्षांच्या सेवेनंतर माणसाला बघायला काय, तर एक खिळा!

हे काम कारखान्याच्या नव्या व्यवस्थापक मॅडमचं होतं. त्या येऊन पुरता आठवडाही झाला नव्हता. वयाने भाऊंच्या पुतणीएवढ्या, चालण्यात लगबग, आणि भाऊंना पहिल्या दिवसापासून "काका" म्हणत. दुपारी त्या कपाटांमागे डोकावून म्हणाल्या, "काका, नवी जागा बरी आहे ना?"

"उत्तम आहे," भाऊ म्हणाले. ते "उत्तम" कोणी काट्यावर ठेवलं असतं तर काटा मोडला असता. पण मॅडम हसून निघून गेल्या.

तुम्ही म्हणाल, सरळ विचारायचं, बाई गं, टेबल का हलवलंस? पण विचारलं की लागलं असं दिसतं. आपल्याला काही लागलेलं नाही, हे दाखवायचा भाऊंना एकच मार्ग दिसत होता, तो म्हणजे राजीनामा. घराच्या जिन्याखालची खोली रिकामी होती, तिथे स्वतःचं काटे दुरुस्तीचं दुकान टाकायचं आणि खिडकी हवी तिथे पाडायची. जिन्याखालच्या खोलीला बाहेरची भिंतच नव्हती, पण रागावलेल्या माणसाने असल्या तपशिलात शिरू नये.

सल्ल्यांना तोटा नव्हता. थोरली बहीण फोनवर म्हणाली, "सोड! जिथे किंमत नाही तिथे क्षणभर थांबू नये." दुसऱ्या दिवशी तिचाच फोन, "सोडू नको हं. काल मी आमच्या ह्यांच्यावर चिडले होते, ते तुझ्या नोकरीवर निघालं." न्हावी कात्री थांबवून म्हणाला, "नोकरी आणि केस, जाताना कळत नाहीत. गेल्यावर सगळं गाव सांगतं." धरावं तर चावतं, सोडावं तर पळतं, अशी भाऊंची गत झाली.

शेवटी वरच्या मजल्यावरचे निवृत्त वकील मदतीला धावले. खरं तर ते आपल्या कोटाची चौकशी करायला आले होते. त्यांचा नवा कोट भाऊंच्या बायकोकडे शिवायला होता.

"गुंजभाऊ, तुमच्या प्रकरणात पुराव्याची बोंब आहे," वकील खुर्चीत ऐसपैस बसत म्हणाले. "वाईट दिवस गेला की तुम्ही म्हणता सोडतो. चांगला गेला की गप्प बसता. गप्प बसणं कोर्टात चालत नाही. दोन बरण्या घ्या. दिवस चांगला गेला तर एकीत पांढरं बटण, वाईट गेला तर दुसरीत काळं. शंभर दिवस. मग निकाल. त्यावर अपील नाही."

शिवणाऱ्या बाईच्या घरात बटणांना काय तोटा! पांढरी बटणं शर्टांची, ढिगाने होती. काळी बटणं एका डब्यात होती, मोजून चाळीस, जाडजूड, कोटाची.

"त्यातली बारा वकीलसाहेबांच्या कोटाला लागणार आहेत," बायकोने बजावलं. "तेवढी सोडून काय दुःखी व्हायचं ते व्हा."

पहिले काही दिवस काळी बरणीच भरत गेली. खिळा दिसला, काळं. मॅडमनी सगळ्यांसमोर "काका" म्हटलं, काळं. एका संध्याकाळी भाऊ आले, डब्यातून बटण घेतलं आणि बरणीत टाकलं.

"आज काय झालं?"

"चहा गार होता."

"चहा गार होता म्हणून काळं? अहो, डब्यातली बटणं संपत आली. जरा बेताने दुःखी व्हा!"

"पुरावा म्हणजे पुरावा," भाऊ म्हणाले. वकिलांच्या सहवासात त्यांची भाषा बिघडत चालली होती.

पण पांढरीही पडत होती, आणि पुढे पुढे जास्तच. एकदा प्रसूतिगृहातली नर्स बाळं तोलायचा काटा छातीशी धरून आली. "भाऊ, महिनाभर आया रडतायत. बाळं अंगच धरत नाहीत म्हणतात." भाऊंनी काटा उघडला. आत कापसाचा बोळा अडकून स्प्रिंग अर्धीच खाली जात होती. बोळा काढला, वजनं ठेवली, सील ठोकलं आणि म्हणाले, "बाळं खाऊन पिऊन सुखी आहेत हो. काटाच उपाशी होता." नर्स हसता हसता रडली. त्या संध्याकाळी भाऊंना दोन पांढरी टाकायची होती, पण नियमात एकच बसत होतं.

शंभर दिवसांतून सुट्ट्या वजा जाता ऐंशी उरले. ऐंशीव्या दिवशी भाऊ दोन्ही बरण्या पिशवीत घालून कारखान्यात गेले. आता कोणताही साधा माणूस काय करील? बटणं मोजील. पण मोजायचं ते कारकुनांनी! भाऊंनी आयुष्यात काही मोजलं नव्हतं, ते तोलत. दुपारच्या सुट्टीत खोलीत कोणी नाही असं पाहून त्यांनी कारखान्यातला सर्वांत नाजूक तराजू पुढे ओढला. डाव्या पारड्यात पांढरी, उजव्या पारड्यात काळी. श्वास रोखला. डोळे मिटून देवाचं नाव घेतलं.

काळं पारडं धाडकन टेबलावर आदळलं.

एवढा स्पष्ट निकाल भाऊंनी बावीस वर्षांत पाहिला नव्हता. इकडेतिकडे हेलकावा नाही, गुंजभर शंकेला जागा नाही. साक्षात देवाने कौल दिला! त्यांनी तिथेच, खिळ्याकडे बघत, राजीनामा लिहिला.

देवाची लीला अगाध खरी, पण आस्थापना विभागाची तिच्याहून अगाध. तिथल्या बाईंनी राजीनामा उलटसुलट करून पाहिला.

"असा साध्या कागदावर चालत नाही. फॉर्म भरा. कारण?"

"वैयक्तिक."

"बरं. यावर तुमच्या विभागप्रमुखांचा अभिप्राय लागेल. सदर कर्मचाऱ्यास सोडण्यास विभागाची हरकत आहे काय, हा रकाना. खाली सही."

"आमचे विभागप्रमुख सहा वर्षांपूर्वीच निवृत्त झाले."

"मग प्रभारी कोण आहे?"

भाऊंनी घसा साफ केला. "मीच."

बाईंनी चष्मा खाली घेऊन त्यांच्याकडे पाहिलं. त्यांना यात काही गंमत वाटल्याचं दिसलं नाही. "मग तुमच्यावर तुमचा अभिप्राय लागेल. आणि नुसतं हो-नाही चालत नाही, कर्मचाऱ्याची सेवेची फाईल पाहून लिहावं लागतं. फाईल मॅडमकडे आहे. आल्याशिवाय घोडं पुढे जाणार नाही."

मॅडम दोन दिवस बाहेरगावी होत्या. पण बातमीला रजा नसते. जोडणी खात्याने दुसऱ्याच दिवशी घाईघाईने निरोपसमारंभ उरकून घेतला. इतकी घाई की भाऊंना थोडं लागलंच. भाषणं झाली. "यांनी आमचे काटे परत पाठवले, पण आमची पत परत जाऊ दिली नाही," असं एक जण बोलला तेव्हा भाऊंचे डोळे भरून आले. मग भेट दिली. घरात उभं राहून वजन करायचा काटा होता, चकचकीत, बाजारातून आणलेला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. भाऊंनी काटा हातात घेतला, मान झुकवली, आणि सवयीने खिशातलं प्रमाण वजन काढून त्यावर ठेवलं.

टाळ्या थांबल्या.

"जास्त दाखवतोय," भाऊ पुटपुटले. आणि कोणी अडवायच्या आत भेटीवर लाल चिठ्ठी चिकटवली गेली होती.

"भाऊ, जाता जाता एक तरी पास करा की!" जोडणीचा मिस्त्री ओरडला. हसता हसता सगळ्यांची पुरेवाट झाली. भाऊही हसले आणि काटा काखोटीला मारून घरी निघाले. असली माणसं जिन्याखालच्या खोलीत आपल्याला कुठून मिळणार, हा विचार त्यांनी तीनदा झटकला आणि तो तीनदा परत आला.

घरी बायको कोट पुढ्यात घेऊन बसली होती. "निकाल लागला ना तुमचा? मग आता बटणं परत द्या. डब्यात अकराच उरली आहेत, मला बारा लागतात."

तिने काळी बरणी पलंगावर उपडी केली. कुठलीही बटणं मोजल्याशिवाय डब्यात न टाकण्याची तिची सवय. ती मोजू लागली. मग पांढरी बरणी उपडी केली आणि तीही मोजली. मग थांबली.

"अहो, काळी एकोणतीसच आहेत."

"असतील."

"आणि पांढरी एक्कावन्न."

"असतील ना. पण वजनाने काळी..." भाऊ म्हणाले, आणि त्यांचं वाक्य तिथेच लटकलं.

बायकोने एका तळहातावर शर्टाचं बटण ठेवलं, दुसऱ्यावर कोटाचं. दोन्ही हात नवऱ्यापुढे धरले.

ज्या माणसाने गुंजभर फरकापायी हजारो काटे नापास केले, त्याने शर्टाची बटणं आणि कोटाची बटणं समोरासमोर तोलून आयुष्याचा निकाल लावला होता! भाऊ मटकन बसले, ते नेमके भेट मिळालेल्या काट्यावर. काटा करकरला आणि वाटेल ते वजन दाखवू लागला.

"एक्कावन्न," भाऊ हळूच म्हणाले. "एवढे चांगले दिवस गेले माझे?"

"मला रोज कळत होतं," बायको म्हणाली. "पांढरं टाकलं की तुम्ही दुसरी पोळी मागायचात."

दुसऱ्या दिवशी भाऊ आस्थापनेत साडेनऊला हजर. "बाई, माझा राजीनामा परत द्या."

"परत घ्यायचा वेगळा फॉर्म असतो."

"मग तो द्या."

"तो राजीनामा मंजूर झाल्यावरच देता येतो. जे मंजूरच नाही ते परत काय घेणार?"

"आणि मंजूर झाल्यावर परत मिळेल?"

"मंजूर झाल्यावर तुम्ही कर्मचारी नसाल. बाहेरच्यांना आम्ही फॉर्म देत नाही."

भाऊंनी खिडकीची चौकट घट्ट धरली. बाईंना मात्र बहुधा दया आली. त्या आवाज खाली आणून म्हणाल्या, "अभिप्रायाचा रकाना अजून कोराच आहे, भाऊ. आणि मॅडम आज आल्या आहेत."

मॅडमच्या टेबलावर फायलींचा डोंगर होता. त्यांनी भाऊंची फाईल काढली, पण दिली नाही. नेहमीची लगबग आज नव्हती.

"काका, माझं काही चुकलं का? मी आल्यापासून एकच काम मनापासून केलं, तेही तुमचं. तरी तुम्ही निघालात."

"माझं? कोणतं काम?"

मॅडमनी फाईल उघडून एक पिवळा पडलेला कागद त्यांच्यापुढे सरकवला. अक्षर ओळखीचं होतं. ओळखीचं कसलं, स्वतःचंच होतं! सविनय विनंती, की माझे टेबल खिडकीलगत असल्याने वाऱ्यामुळे नाजूक काटा स्थिर होण्यास विलंब लागतो, तरी टेबल आतील बाजूस कपाटांमागे हलविण्याची कृपा व्हावी. तारीख अकरा वर्षांपूर्वीची. कोपऱ्यात वेगवेगळ्या शाईत शेरे: विचाराधीन. पुढील वर्षी पाहू. कोणत्या टेबलाबाबत? विचाराधीन.

"मी आल्या आल्या जुन्या फायली वाचायला घेतल्या," मॅडम म्हणाल्या. "वाटलं, या माणसाने अकरा वर्षं वाट पाहिली आणि एकदाही तक्रार केली नाही. सगळ्यांत आधी हेच करू. सुट्टीच्या दिवशी मी आणि शिपाई, दोघांनी टेबल उचललं. तुम्हाला विचारलंही, तुम्ही उत्तम म्हणालात."

बावीस वर्षांत त्यांचा अर्ज शेवटपर्यंत वाचणारा एकच माणूस या इमारतीत आला होता, आणि त्याच माणसावर रुसून ते जिन्याखाली दुकान टाकायला निघाले होते. परमेश्वर प्रार्थना ऐकतो. उशिरा ऐकतो तेव्हा मागणाराच विसरलेला असतो, एवढंच.

"मॅडम," ते कसेबसे म्हणाले, "पेन द्या. आणि ती फाईल. मला एका कर्मचाऱ्यावर अभिप्राय द्यायचा आहे."

ते तिथेच बसले आणि एखादा काटा तपासावा तशी त्यांनी आपली फाईल पहिल्या पानापासून तपासली, डोळे बारीक करून, श्वास रोखून. कुठेही रंगसफेती केली नाही. मग रकान्यात स्वच्छ अक्षरात लिहिलं: हरकत आहे. सदर कर्मचारी तपासला. गुंजभर फरक आढळला. स्वतःचेच अर्ज विसरतो व न विचारता रुसतो. दोष दुरुस्त होण्याजोगा आहे. पास. खाली सही केली: प्रभारी, तपासणी विभाग.

मॅडमनी वाचलं, ओठ घट्ट मिटले, आणि मग दोघांनाही हसू आवरेना.

"टेबल परत खिडकीशी लावू?" त्यांनी विचारलं.

मोह झाला. पण भाऊंनी फक्त प्रभारी म्हणून विचार केला. "नको. वारा लागतो, काटा हलतो, अर्जात लिहिलेलं खरंच आहे. खिडकीशी एक स्टूल तेवढं ठेवा. चहा तिथे बसून घेईन."

"अर्ज करू नका हं काका," मॅडम म्हणाल्या, "मी आत्ताच ठेवते."

त्या संध्याकाळी साडेसहाला भाऊ घरी आले आणि त्यांनी नोकरी सोडली नाही. बायकोने मशीन थांबवलं.

"मग? कधी सोडायची, ते तरी ठरलं का?"

"ठरलं," भाऊ म्हणाले. "त्या रकान्यात 'हरकत नाही' असं मला खरं खरं लिहिता येईल, त्या दिवशी. एक दिवस आधी नाही, एक दिवस नंतर नाही."

पुढच्याच आठवड्यात वकील नवा कोट घालून जिना उतरताना भेटले. बाराच्या बारा काळी बटणं छातीवर, पोटावर आणि बाह्यांवर चमकत होती. भाऊंच्या वाईट दिवसांपैकी निदान एक तरी त्यांत होताच, आणि वकील तो ऐटीत मिरवत होते.

"कोट झकास बसलाय," वकील म्हणाले, "पण हे पोटावरचं बटण आत्ताच सैल झालंय बघा."

बायको दारातून म्हणाली, "ते गार चहाचं असणार. त्यात मुळातच काही दम नव्हता."